ऐकू येणे आणि ऐकणे : नलिनी मलानी यांच्या कलाकृतींतील वाणीचा विचार

कलासमीक्षेत ‘भाषा’ हा शब्द फार उदारपणे वापरला जातो. रंगांची भाषा, देहाची भाषा, कॅमेऱ्याची भाषा असे प्रयोग इतके रुळले आहेत की त्यांतील लक्षणा आता कोणाच्या ध्यानातही येत नाही. भाषेच्या अभ्यासकाला या उदारतेचे कौतुक वाटण्याऐवजी शंका वाटावी हे स्वाभाविक आहे. मोजक्या वर्णांपासून अगणित वाक्ये जिच्यात सिद्ध होतात, जिच्यात नकार देता येतो, प्रश्न विचारता येतो, घडून गेलेले आणि घडावयाचे यांत भेद करता येतो, ती भाषा. चित्राला यांपैकी पुष्कळशा गोष्टी साधत नाहीत. पाऊस पडत नसल्याचे चित्र काढता येत नाही. फार तर कोरड्या रस्त्याचे काढता येते.

नलिनी मलानी यांच्या कलाकृतींचा विचार करताना ‘दृश्यभाषा’ हा शब्द कटाक्षाने टाळला तरी भाषेचा प्रश्न टळत नाही. त्यांच्या कामात भाषा हे उपमान नसून विषय आहे. बोलले गेलेले, परंतु कोणी न ऐकलेले, किंवा ऐकूनही न मानलेले शब्द, हा त्यांच्या बहुतेक महत्त्वाच्या रचनांचा गाभा होय. चित्र, रंगभूमी आणि चलच्चित्र या तिन्ही माध्यमांतील त्यांचा संचार प्रयोगाच्या हौसेपोटी झाला असे अनेकदा सुचविले जाते. वस्तुतः ज्या अडचणीला त्या वारंवार भिडल्या ती एका माध्यमात सुटण्यासारखी नव्हती.

मलानी यांचा जन्म १९४६ साली कराचीत झाला. फाळणीनंतर कुटुंब भारतात आले. १९६४ ते १९६९ या काळात त्या मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत शिकल्या. विद्यार्थिदशेतच भुलाभाई देसाई स्मारक संस्थेत त्यांना काम करण्यास जागा मिळाली. चित्रकार, नट, दिग्दर्शक आणि संगीतकार तेथे एका छपराखाली वावरत असल्याने चित्र व नाटक ही दोन वेगळी घराणी आहेत, ही समजूत त्यांच्या मनात रुजण्याआधीच मोडली असावी. १९६९ मध्ये अकबर पदमसी यांनी ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ सुरू केले. तेथे मलानींनी कॅमेरा हाती घेतला आणि आपले पहिले लघुपट केले. त्यांपैकी ‘ड्रीम हाउसेस’ हा रंगीत सचेतनपट होता. पुढे १९७६ मध्ये त्याच्या शेजारी एक कृष्णधवल चित्रफीत आली. तीत एक तरुणी खिडकीतून शहराकडे पाहत उभी आहे. या दोन फिती एकत्र दाखविल्या जातात आणि त्या जोडीला ‘उटोपिया’ हे नाव आहे. स्वातंत्र्योत्तर नगररचनेचे स्वप्न एका पडद्यावर, त्या स्वप्नाचे सात वर्षांनंतरचे रूप दुसऱ्या पडद्यावर. दोन विधाने शेजारी मांडावयाची आणि त्यांना जोडणारे ‘परंतु’ हे अव्यय मात्र उच्चारावयाचे नाही, ही त्यांची पुढे कायम राहिलेली रीत येथे प्रथम दिसते. १९७० ते १९७२ ही वर्षे त्यांनी पॅरिसमध्ये काढली. तो तेथील संरचनावादाचा बहराचा काळ होता; त्यावरून समीक्षकांनी काढलेली अनुमाने मात्र बेताने घ्यावीत.

१९९२ साली मुंबईच्या केमोल्ड कलादालनात त्यांनी ‘सिटी ऑफ डिझायर्स’ हे काम थेट भिंतीवर रेखाटले आणि प्रदर्शन संपल्यावर ते पुसून टाकण्यात आले. विकता न येणारे चित्र, एवढाच याचा अर्थ घेण्याचा प्रघात आहे. उच्चारित शब्दाचे लक्षण असे की तो उत्पन्न होतो आणि लगेच नष्ट होतो. नैयायिक शब्दाला अनित्य म्हणतात ते याच कारणाने. टिकणे हा चित्राचा स्वभाव. तो स्वभाव सोडून मलानींनी चित्राला उच्चाराची अवस्था दिली. ज्याने पाहिले त्याने पाहिले. इतरांसाठी उरली ती कर्णोपकर्णी आलेली हकिगत. पुढल्याच वर्षी, १९९३ मध्ये, हायनर म्युलर यांच्या मीडियाविषयक संहितेचा प्रयोग त्यांनी अलकनंदा समर्थ यांच्यासह मुंबईच्या मॅक्सम्युलर भवनात केला. तेथे रंगविलेल्या पृष्ठभागांमधून जिवंत नटीचा आवाज फिरला. भिंतीवरचे चित्र उच्चारासारखे नाहीसे होऊ शकते हे एकदा कळल्यावर, त्याच्यासमोर प्रत्यक्ष उच्चार आणून उभा करणे ही पुढची पायरी होती.

परंतु वाणीचा प्रश्न पूर्ण गांभीर्याने उभा राहिला तो १९९८ च्या ‘रिमेंबरिंग टोबा टेक सिंग’ या मांडणशिल्पात. त्या वर्षीच्या मे महिन्यात पोखरण येथे अणुचाचण्या झाल्या आणि पाठोपाठ पाकिस्ताननेही आपल्या चाचण्या केल्या. मलानी वळल्या त्या सादत हसन मंटो यांच्या कथेकडे. फाळणीनंतर दोन्ही सरकारे आपापल्या वेड्यांच्या इस्पितळांतील रुग्णांची अदलाबदल करावयाचे ठरवितात. त्यांतील बिशन सिंग हा वृद्ध शीख आपले गाव नेमके कोणत्या देशात गेले ते विचारीत राहतो आणि शेवटी दोन सरहद्दींमधल्या, कोणाच्याच नसलेल्या भूमीवर कोसळतो. कथा सर्वज्ञात आहे. मात्र तिच्यातील एक गोष्ट साहित्याच्या अभ्यासकांपेक्षा व्याकरणाच्या अभ्यासकाला अधिक अडवून धरते. बिशन सिंग एकच निरर्थक वाक्य पुनःपुन्हा उच्चारतो. त्यात पंजाबी-उर्दू आणि इंग्रजी शब्दांची खिचडी आहे. मीमांसकांनी व नैयायिकांनी वाक्यार्थबोधासाठी आकांक्षा, योग्यता आणि सन्निधी या अटी सांगितल्या. बिशन सिंगाच्या वाक्यात पदे एकापाठोपाठ येतात, म्हणजे सन्निधी आहे. पण एका पदाला दुसऱ्याची आकांक्षा नाही आणि त्यांच्या अर्थांचा मेळ बसण्याची योग्यताही नाही. असे असूनही त्या वाक्याला चौकट आहे. त्याच्या अखेरीस षष्ठीसारखी एक जागा आहे. कथा पुढे सरकते तसा त्या जागेवरचा शब्द बदलतो आणि तेथे कधी एका सरकारचे, कधी गावाचे नाव येऊन बसते. सारे वाक्य बरळण्याचे आणि तेवढी एक जागा जगासाठी मोकळी! फाळणीने नेमके हेच केले होते. माणूस, घर, शेत हे सारे जिथल्या तिथे राहिले. ‘चा, ची, चे’ यांच्या आधीचे नाव तेवढे बदलले.

मलानींच्या मांडणीत पत्र्याच्या बारा ट्रंका आहेत. घर सोडून निघालेल्या माणसांनी उचलल्या असतील तशा. प्रत्येकीत पडदा असून त्यावर विस्थापितांची दृश्ये चालतात. भिंतींवर मोठी प्रक्षेपणे आहेत. त्यांत अणुस्फोटाची दृश्ये येतात. समोरासमोरच्या दोन भिंतींवर दोन स्त्रिया एका साडीची घडी घालू पाहतात. दोघींनी दोन टोके धरावीत, काठ जुळवावेत, एकीने पुढे येऊन आपली टोके दुसरीच्या हाती द्यावीत, ही रीत घरोघरची आहे. येथे दोघींच्या मध्ये खोलीभर अंतर आहे आणि त्या अंतरात प्रेक्षक उभा आहे. काठ जुळत नाहीत. मंटोची कथा कानांवर पडत असते. संभाषण म्हणजे काय याचे इतके नेमके दृश्य आधुनिक भारतीय कलेत फार थोड्या ठिकाणी आढळेल: एका टोकाने ताण दिला की दुसऱ्याने सैल सोडावयाचे, आणि शेवटी वस्त्र एकाच्याच हातात यावयाचे. फाळणीत तुटले ते हे. भाषा तुटली नव्हती; पंजाबी सरहद्दीच्या अलीकडे आणि पलीकडे दोन्हीकडे राहिलीच.

या मांडणीत मलानींना एक तांत्रिक अडचण जाणवली असली पाहिजे, कारण तिचे उत्तर त्यांनी त्याच वर्षापासून दुसऱ्या मार्गाने शोधले. वाणी रेषेसारखी असते. एका वेळी एकच वर्ण, एकापाठोपाठ एक. सोस्यूर यांनी चिन्हाच्या ध्वनिरूपाची रेषीयता हे एक मूलतत्त्व म्हणून सांगितले. उलट, चित्र एकदम समोर येते. भर्तृहरींनी ‘वाक्यपदीया’च्या दुसऱ्या कांडात अखंड वाक्यार्थाची कल्पना समजावताना चित्राचाच दृष्टान्त घेतला आहे. चित्र हे एकच असते. त्यातील निळा, पिवळा इत्यादी भेद आपण वर्णनासाठी मागाहून करतो. तसे वाक्य एकच. पदे ही मागाहूनची फोड. म्हणजे वाक्याची एकसंधता सिद्ध करण्यासाठी वैयाकरणाने चित्राला साक्षीस बोलाविले. मलानींच्या छायानाट्यांत हा दृष्टान्त उलटा होतो. तेथे चित्रच एकसंध राहत नाही.

‘द सेक्रेड अँड द प्रोफेन’ (१९९८) हे त्यांचे या पद्धतीचे आरंभीचे काम. पारदर्शक मायलरची मोठी नळकांडी छतापासून टांगलेली असतात आणि त्यांवर आतून चित्रे रंगविलेली असतात. यंत्राच्या साह्याने ती सावकाश फिरतात, त्यांच्यातून प्रकाश जातो आणि आकृतींच्या छाया भिंतींवर सरकत राहतात. पुढील कामांत हा प्रकाश चलच्चित्राच्या प्रक्षेपकाचा असतो, त्यामुळे छायेवर आणखी एक हलती प्रतिमा चढते. मागील बाजूने रंगविण्याचे हे तंत्र मलानींना भूपेन खक्कर यांच्याकडून मिळाले. या तंत्राची एक खोच अशी की नेहमीच्या चित्रात जे सर्वांत शेवटी रंगवितात, म्हणजे डोळ्यातील बाहुली, दागिन्याची चकाकी, ते येथे सर्वप्रथम रंगवावे लागते आणि पार्श्वभूमी शेवटी येते. एकदा पुढे गेल्यावर मागे जाऊन दुरुस्ती करता येत नाही. बोलणाऱ्याचीही हीच अवस्था असते.

मराठी वाचकाला येथे पिंगुळीच्या ठाकर कलावंतांचे चित्रकथी आणि चामड्याच्या बाहुल्यांचे खेळ आठवतील. मलानींनी तेथून काही घेतले असे सुचविण्याचा हेतू नाही. पण साम्यापेक्षा भेद बोलका आहे. चित्रकथीत पाने क्रमाने पुढे येतात आणि प्रत्येक पानाचा अर्थ निवेदकाच्या तोंडी असतो. चित्र किती वेळ डोळ्यांपुढे राहावे हेही त्याची वाणीच ठरविते. मलानींच्या नळकांड्यांना असा धनी नाही. ती आपल्या गतीने फिरतात, आवाज आपल्या गतीने चालतो, आणि कोणते वाक्य कोणत्या छायेवर पडेल हे पाहणारा कोठे उभा आहे व केव्हा आत आला यावर अवलंबून राहते. वाणीची रेषीयता आणि चित्राची एककालिकता या दोहोंची येथे झटापट होते. ही झटापट हेच या नाट्याचे कथानक, असे म्हटले तरी चालेल.

ज्या स्त्रिया या छायांतून बोलतात त्यांची निवड आता लक्षात घ्यावी. क्रिस्टा वोल्फ यांच्या १९८३ च्या कादंबरीतून कॅसांड्रा आली. ‘लिसनिंग टू द शेड्स’ (२००८) ही बेचाळीस फलकांची चित्रमालिका आणि पाठोपाठ ‘कॅसांड्रा’ (२००९) ही तीस फलकांची, या दोन्ही तिच्याभोवती रचल्या आहेत. कॅसांड्राला भविष्य दिसते व ती ते सांगते. तिच्यावर कोणी विश्वास ठेवणार नाही असा शाप आहे. भारतीय परिभाषेत बोलावयाचे तर ती आप्त आहे, यथार्थ जाणणारी व यथार्थ सांगणारी, आणि तरीही तिचा शब्द प्रमाण ठरत नाही. मराठी भाषा येथे एक उपयोगी भेद हाती देते. ‘ऐकू येणे’ आणि ‘ऐकणे’ या दोन क्रिया आपण वेगळ्या मानतो. पहिलीत ऐकणाऱ्याकडे कर्तेपण नाही. आवाज येतो, तो चतुर्थीत उभा राहून ग्रहण करतो. दुसरीत तो कर्ता आहे, आणि ‘तो आईचे ऐकतो’ या वाक्यात तर ऐकणे म्हणजे मानणेच. कॅसांड्राचे सर्वांना ऐकू येते. तिचे ऐकत कोणी नाही. बिशन सिंगाची स्थिती याच्या जवळची. दोघांतील फरक एवढाच की एकाच्या वाक्यातून अर्थ गेला आहे आणि दुसरीच्या वाक्याभोवतीचे श्रोते गेले आहेत.

२००५ च्या ‘मदर इंडिया’ या पाच प्रक्षेपणांच्या कामामागे वीणा दास यांचा भाषा आणि देह यांविषयीचा निबंध आहे. फाळणीत स्त्रियांवर जे गुदरले त्याविषयी त्या स्त्रियांनी पुढे आयुष्यभर बाळगलेले मौन हा दास यांचा विषय. मलानींच्या कामाचे उपशीर्षक त्या निबंधाच्या शीर्षकावरूनच घेतले आहे. या कामाचा विस्ताराने विचार येथे करण्याचे कारण नाही. त्यात राष्ट्रमातेच्या परिचित प्रतिमा इतक्या दाटीने येतात की मूळ निबंधातील मौनाला जागा उरत नाही.

हा आक्षेप अधिक काळजीने तपासला पाहिजे तो २०१२ च्या ‘इन सर्च ऑफ व्हॅनिश्ड ब्लड’ या रचनेबाबत. जर्मनीतील कासेल येथे तेराव्या ‘डॉक्युमेंटा’ प्रदर्शनासाठी ती सिद्ध झाली. सहा प्रक्षेपणे, पाच फिरती नळकांडी, अकरा मिनिटांचा अवधी. मलानींची ही बहुधा सर्वांत प्रसिद्ध कलाकृती असून डोळ्यांना तिचा पडणारा प्रभाव निर्विवाद आहे. तिचे शीर्षक फैज अहमद फैज यांच्या उर्दू कवितेच्या आगा शाहिद अली यांनी केलेल्या इंग्रजी अनुवादावरून आले आहे. तिच्यात वोल्फ यांची कॅसांड्रा आहे, म्युलर, रिल्के व बेकेट यांचे अंश आहेत आणि महाश्वेतादेवींची ‘द्रौपदी’ ही कथा आहे. उर्दू, जर्मन आणि बंगाली येथे एकत्र येतात खऱ्या, पण येतात त्या इंग्रजीच्या दारातून. महाश्वेतादेवींची कथा बंगालबाहेर गाजली तीही मुख्यतः गायत्री चक्रवर्ती स्पिवाक यांच्या १९८१ च्या इंग्रजी अनुवादाने.

अनुवाद वापरणे हा दोष नव्हे. अडचण निराळी आहे. ‘द्रौपदी’ ही कथा मुळात भाषा न कळण्याविषयीची कथा आहे. दोपदी आणि तिचा नवरा दुलना ही संताळ माणसे. नाव पुराणातले, पण तिच्या समाजाच्या तोंडी ते ‘दोपदी’ झाले आहे, आणि सरकारी कागदांत व माणसांच्या तोंडी ती दोन वेगळ्या नावांनी वावरते. दुलना मरताना एक शब्द ओरडतो. तो काय हे ठरविण्यासाठी कलकत्त्याहून आदिवासीविषयक तज्ज्ञ येतात, शब्दकोश उघडतात, आणि काही हाती लागत नाही. शेवटी छावणीत पाणी भरणारा चमरू हसून सांगतो की माल्द्याकडचे संताळ लढताना असे ओरडत. भाषाशास्त्रज्ञांच्या वर्गात दरवर्षी वाचून दाखवावा असा हा प्रसंग आहे! शब्दाचा अर्थ तो शब्द वापरणाऱ्यांपाशी असतो आणि तो विचारावा लागतो. मलानींच्या छायांमध्ये कॅसांड्रा व दोपदी एकाच भिंतीवरून सरकतात, एकीचे शब्द दुसरीच्या आकृतीवर पडतात. पाहणाऱ्याला या दोघी एक आहेत असे वाटू लागते. तसे वाटावे हा हेतूही असावा. युगानुयुगे चालत आलेल्या हिंसेची एकच स्त्री साक्षीदार आहे, असे या रचनेचे समर्थन केले जाते. ते सर्वस्वी चूक नाही.

परंतु साक्ष ही वस्तू अशी आहे की तिच्यात वक्ता कोण हे कळल्याशिवाय तिला मोल येत नाही. न्यायालयात असो वा शास्त्रात, ‘कोणीतरी असे म्हणाले’ हा शब्द प्रमाण नसतो. ट्रॉयची राजकन्या आणि बंगालमधील संताळ शेतमजूर यांचे आवाज मिसळले की राजकन्येचे काही जात नाही. तिची कथा युरोपच्या प्रत्येक शाळेत शिकविली गेली आहे. हरपते ते दोपदीचे. तिचे गाव, तिच्या भाषेतील तो न कळलेला शब्द, सारे एका भव्य आणि देखण्या विलापात विरघळते. भिंतीवरील छायांना चमरू भेटत नाही. ज्या रचनेने न ऐकलेल्या आवाजाला ऐकू येण्याजोगे करावयाचे, तिच्यातच तो आवाज अनामिक होऊन जावा, हा या कामाचा उणेपणा आहे, आणि त्याच्या देखणेपणामुळे तो अधिक खुपतो. ‘टोबा टेक सिंग’मध्ये असे झाले नव्हते, तेथे कथा एक होती, माणूस एक होता, साडी एक होती.

मलानींना हे जाणवले की नाही याविषयी तर्क करण्याची आवश्यकता नाही; पुढील काम समोर आहे. २०१८ ते २०२० या काळात सिद्ध झालेल्या ‘कॅन यू हिअर मी?’ या रचनेत नऊ प्रक्षेपणे आणि अठ्ठ्याऐंशी छोटे सचेतनपट आहेत. मलानींनी ते संगणकी पाटीवर बोटाने रेखाटले. कथुआ येथे जानेवारी २०१८ मध्ये आठ वर्षांच्या एका मुलीवर झालेला अत्याचार आणि तिची हत्या, हे या कामाचे एक मूळ कारण. रेषा ओबडधोबड आहेत, काही ठिकाणी वहीच्या कडेला मुलांनी गिरबटावे तशा. अक्षरे उमटतात, त्यांचे शब्द होतात, पुसले जातात. अवतरणांचा भरणा येथेही आहे. पण प्रत्येक पट आपापल्या लांबीचा असून स्वतंत्रपणे फिरतो, त्यामुळे भिंतीवर गर्दी असली तरी प्रत्येक वाक्याची रेषा त्याच्यापुरती शाबूत राहते. बाजारात चहूकडून आवाज येत असताना एका माणसाचे बोलणे कान लावून ऐकता यावे, तसे एखादे चित्र निवडून त्याच्यापाशी थांबता येते. नळकांड्यांच्या छायानाट्यात जे एकमेकांवर चढत होते ते येथे शेजारी शेजारी उभे आहे. ‘उटोपिया’तील जुनी रीत मोठ्या प्रमाणावर परत आली आहे, आणि ‘परंतु’ हे अव्यय अजूनही उच्चारलेले नाही.

शीर्षकापाशी मात्र थांबावे लागते. ते इंग्रजी प्रश्नवाक्य आहे. मराठीत आणावयाचे झाल्यास प्रथम ‘ऐकू येते का’ आणि ‘ऐकता का’ यांत निवड करावी लागेल. ‘ऐकता का’ घेतले की त्यात मानण्याची मागणी येते. ‘ऐकू येते का’ यात नुसता आवाज पोचल्याची चौकशी उरते. त्यानंतर ‘यू’चा प्रश्न. इंग्रजीत तो एका शब्दात संपतो. मराठीत बोलणाऱ्या लहान मुलीला आधी ठरवावे लागते की समोर आई आहे, देवळातला अनोळखी माणूस आहे, की दारावर उभा असलेला पोलीस. आईला ती ‘तू’ म्हणेल, इतरांना ‘तुम्ही’ किंवा ‘काका’. ज्या बकरवाल समाजात ती मुलगी जन्मली त्याची भाषा गोजरी. या प्रश्नाचे गोजरी रूप भिंतीवरच्या त्या अठ्ठ्याऐंशी पटांपैकी एकात तरी यावयास हवे होते.